कानांचा अधिकारी

३ मार्च, सोमवार

आजपासून मी आमच्या फ्लाइंग स्कूलचा श्रवण-संरक्षण अधिकारी. पदाचं नाव उच्चारतानाच दम लागतो, म्हणजे पद मोठंच असणार.

सकाळी चीफने केबिनमध्ये बोलावलं. चीफ म्हणजे आमचा मुख्य प्रशिक्षक. माझ्यापेक्षा अकरा वर्षांनी लहान. त्याला उडायला मीच शिकवलं आणि आता मीच त्याला विचारून रजा घेतो. म्हणाला, "सर, इंजिनांच्या गोंगाटानं वैमानिकांचे कान जातात आणि आपण नुसते बघत बसतो. आता वरून पत्र आलंय. सगळ्यांना कानात बोळे घालायची सवय लावायची, आवाज मोजायचे, महिनाअखेर प्रत्येकाचे कान तपासून घ्यायचे. हे तुम्ही बघा."

"मीच का पण?"

तो टेबलावरचे कागद सारखे करत, खाली मान घालून काहीतरी पुटपुटला. मी "ते तर झालंच" म्हणालो. एकतीस वर्षं, चौदा हजार तास. कौतुकाचंच काहीतरी असणार.

घरी आल्यावर हिला सांगितलं. वाटलं, चाट पडेल. ही म्हणाली, "चला, शब्दाला जागला म्हणायचा." कुणाच्या शब्दाला, कसला शब्द, हे विचारायच्या आत मिक्सर सुरू झाला.

मोहिमेचा अहवाल चीफला वेगळा द्यायचाय. ही वही माझी. हिच्यात खरं लिहायचं.

६ मार्च, गुरुवार

आवाज मोजायचं यंत्र आलं. हातात मावतं, तोंडावर काळा स्पंज. सोबतच्या पुस्तिकेत लिहिलंय: पंच्याऐंशी डेसिबलपर्यंत माणूस दिवसाला आठ तास काढू शकतो, त्यापुढे दर तीन आकड्यांमागे वेळ निम्मी करायची. आमच्या जुन्या ट्रेनर विमानाच्या कॉकपिटमध्ये लावून बघितलं. चौऱ्याण्णव! म्हणजे दिवसाला फक्त एक तास. मी रोज दोन तास बसतो, तेही एकतीस वर्षं.

या गणितानं माझे कान केव्हाच जायला हवे होते. गेले नाहीत. याचा अर्थ काही कानांची घडणच दणकट असते. अहवालात हा मुद्दा घालावा का?

यंत्र घरी आणलं. मिक्सर शहाऐंशी. हिचं बोलणं अठ्ठ्याहत्तर. साधं बोलणं साठच्या आसपास असतं असं पुस्तिका म्हणते. हिला सांगितलं, "तू अठरानं जास्त आहेस." त्यावर ही जे बोलली ते त्र्याऐंशी भरलं. मग माझ्या नेहमीच्या बातम्या लावून टीव्हीसमोर यंत्र धरलं, तर चौऱ्याऐंशी.

यंत्रात काहीतरी दोष दिसतो.

९ मार्च, रविवार

दुपारी पेपर वाचत बसलो होतो. स्वयंपाकघरातून हिचा आवाज आला. विचारलं, "पावणेचारला कोण येणार?"

"पाहुणे!"

"अगं, वेळ कळली. माणसं कोण?"

"पाहुणे हो, पाहुणे!"

"पावणेचार, पावणेचार! दहादा काय सांगतेस? येणार कोण ते सांग ना."

ही पदर खोचून बाहेर आली आणि माझ्यासमोर उभं राहून एकेक अक्षर सुटं करत म्हणाली, "माझी बहीण आणि तिचा नवरा. पा-हु-णे. चारला."

आता आधीच असं नीट बोलली असती तर? पण अलीकडे हिला बसल्या जागेवरून, भिंतीपलीकडून बोलायची सवय लागलीय. चिडचिडही वाढलीय. वयाचा परिणाम असेल. मी समजून घेतो.

चारला ही गच्चीवर कपडे काढत होती. साडू आणि मेव्हणी दाराबाहेर दहा मिनिटं बेल वाजवत उभे. शेवटी साडू मागच्या दारानं आत शिरला, तेव्हा मी बनियनवर होतो. तो म्हणाला, "बेल बदला." उद्या बदलतो.

११ मार्च, मंगळवार

मोहिमेचा पहिला वर्ग. फळ्यावर कान काढला. बोळे कसे घालायचे ते करून दाखवलं: फोमचा बोळा चिमटीत धरून वातीसारखा बारीक वळायचा, दुसरा हात डोक्यावरून नेऊन कान वर आणि मागे ओढायचा, बोळा आत सरकवायचा आणि तो फुगेपर्यंत बोटानं धरून ठेवायचा. माझा बोळा तीनदा सटकला. चौथ्यांदा बसला, तर प्रश्न कुणी काय विचारले ते कळेना, म्हणून काढला.

सगळ्यांत तयार निघाल्या त्या दातवाल्या डॉक्टर. वय सेहेचाळीस, शहरात दवाखाना, दोन मुलं कॉलेजात, आणि आता विमान शिकायचं घेतलंय. माझ्याच विद्यार्थिनी. त्यांनी एका झटक्यात दोन्ही बोळे बसवले. म्हणाल्या, "दात कोरायच्या मशीनचा आवाज वीस वर्षं ऐकतेय, सर. बोळे नसते तर आज तुम्ही म्हणता ते मला ऐकूच आलं नसतं. आणि हेडसेटच्या आत बोळे घालून रेडिओ वाढवला ना, की उलट जास्त स्पष्ट ऐकू येतं. इंजिन कमी होतं, माणूस उरतो. तुम्हीही घालून बघा."

मी हसलो. विद्यार्थ्यांनी घालावेत. पण जुना वैमानिक इंजिन कानानं तपासतो, वैद्य नाडी बघतो तसं. वैद्याला हातमोजे घालून नाडी बघ म्हणून कुणी सांगतं का?

नंतर हँगरमध्ये मिस्त्रीकडे गेलो. हा आमचा विमानांचा मिस्त्री, माझ्याच वयाचा. या अख्ख्या शाळेत स्पष्ट, खणखणीत बोलणारा हा एकच माणूस. म्हणून आमचं पटतं. मी विचारलं, "चाकाचं काय झालं?"

"बरंय आता. कालच आणलं."

"मग आज बसवून टाका."

"बसतंय की. जरा टेकू लागतो."

"टेकूवर चालायचं नाही! नीट बसवा, नाहीतर नवीन मागवा."

मिस्त्री माझ्याकडे विचित्र नजरेनं बघत राहिला. डॉक्टर विमानाच्या पंखाला धरून हसत होत्या. डोळे पुसत म्हणाल्या, "सर, ते त्यांच्या काकांबद्दल सांगतायत. काल दवाखान्यातून घरी आणलं त्यांना. 'बसतायत' म्हणाले ते, 'बसतंय' नव्हे."

मी 'चाक' म्हणालो आणि त्यानं 'काका' ऐकलं! बिचाऱ्याचे कान पार गेलेत. तपासणीच्या यादीत त्याचं नाव पहिलं घातलं. माझं शेवटी. अधिकाऱ्यानं आधी जेवायचं नसतं.

१४ मार्च, शुक्रवार

अंग कसकस करत होतं. हिनं काखेत थर्मामीटर दिलं आणि म्हणाली, "वाजलं की काढा." मी पडून राहिलो. वाजेना. पेपर संपला. कोडं सुटलं. हात बधिर झाला. ही आली तेव्हा पाऊण तास होऊन गेला होता.

"अजून ठेवलंय? केव्हाच वाजलं असेल!"

"नाही वाजलं. सेल गेलाय."

हिनं ते पुसून स्वतःच्या काखेत धरलं आणि माझ्याकडे बघत उभी राहिली. थोड्या वेळानं काढलं. "वाजलं," म्हणाली. मी "कुठे?" म्हणालो.  ही पलंगाच्या कडेवर बसली आणि थर्मामीटर डबीत घालायला तिला फार वेळ लागला.

ताप नव्हताच.

१९ मार्च, बुधवार

आज अक्षर वाकडं येतंय.

सकाळी डॉक्टरांना घेऊन निघालो होतो. त्या डावीकडे, मी उजवीकडे. धावपट्टीच्या तोंडाशी आलो. टॉवरनं परवानगी दिली. एकतीस वर्षं त्या जागी, त्या क्षणी तेच वाक्य येतं: धावपट्टीवर या. डॉक्टरांनी रेडिओवर उत्तर दिलं आणि गाडी उभीच. मला वाटलं, बाई घाबरल्या. म्हटलं, "चला, चला, वाट कसली बघताय?" आणि मीच इंजिन वाढवलं.

त्यांनी दोन्ही पायांनी ब्रेक दाबले. विमान नाक खाली करून जागच्या जागी थडथडायला लागलं. त्या माझ्या तोंडासमोर हात नाचवत ओरडत होत्या आणि मी, खरं लिहायचं ठरवलंय म्हणून लिहितो, मी त्यांच्यावर रागावलो होतो.

तेवढ्यात दोन इंजिनांचं पांढरं विमान आमच्या नाकासमोरून उतरलं. इतक्या जवळून, की चाकांचा धूर आमच्या काचेवर आला.

मी इंजिन बंद केलं. डॉक्टरांनी तरीही ब्रेकवरचे पाय काढले नव्हते.

टॉवरवाला तोंडात सुपारी धरल्यासारखा बोलतो. उद्या जाऊन त्याची तक्रार करणार.

२० मार्च, गुरुवार

तक्रार करायला टॉवरवर गेलो. चार मजले चढून. टॉवरवाला सज्जन माणूस, खुर्ची दिली. म्हणाला, "कालचं सगळं टेप झालंय, ऐका." त्यानं हेडफोन दिला. मी ऐकलं. "स्पष्ट आहे की," मी म्हणालो, "धावपट्टीवर या."

त्यानं पुन्हा लावलं. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा हेडफोन काढून स्पीकरवर लावलं. कॉफी घेऊन आलेली बाई दारातच थांबली आणि आपणहून म्हणाली, "अलीकडेच थांबा, म्हणतायत."

टॉवरवाला माझ्याकडे बघत नव्हता. खिडकीची काच पुसत होता, ती स्वच्छच होती.

मी विचारलं, "आणि डॉक्टरांनी काय उत्तर दिलं?"

"अलीकडे थांबतेय."

माझ्या शेजारी बसून बाईंनी ते म्हटलं होतं. मला तेही ऐकू आलं नाही. मी ऐकलंच नव्हतं काही. मी एकतीस वर्षांच्या सवयीनं मनातल्या मनात बोललो आणि तो टॉवर समजलो.

 चार मजले कठडा धरून उतरलो.

२६ मार्च, बुधवार

कानांची तपासणी. सगळ्यांची झाली, मग माझी. जे लाजिरवाणं आहे ते आधी लिहितो.

काचेची एक खोली असते, कपाटाएवढी. आत बसायचं, कानाला हेडफोन, हातात बटण. बाहेर तपासणाऱ्या बाई मशीनपाशी बसतात. बारीक आवाज ऐकू आला की बटण दाबायचं. पहिले काही आले. मग शांतता. शांतता वाढत चालली तसा मला घाम फुटायला लागला. कारण बाईंचा कोपर हलत होता.

वैमानिकाची नजर घारीची असते. मी कोपरावर लक्ष ठेवलं. कोपर हलला, की बटण. सात-आठ वेळा छान जमलं. मनात म्हटलं, निभावलं.

बाई थांबल्या. दार उघडून आत डोकावल्या. "काका, शेवटच्या वेळी मी नाक खाजवलं होतं."

त्यांनी खुर्ची फिरवली आणि माझ्याकडे पाठ करून पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. पाठीवर काही लिहिलेलं नसतं. मी त्या कपाटात बसून राहिलो. हातातलं बटण ओलं झालं होतं.

नंतर त्यांनी कागद दाखवला. रेघ डावीकडून बरी चालत येते आणि मग विहिरीत पडल्यासारखी खाली जाते. "जाड आवाज शाबूत आहेत," बाई म्हणाल्या. "बारीक गेले. स, श, फ, ख, च ही अक्षरं तिथेच राहतात. म्हणून कुणीतरी बोलतंय एवढं कळतं, काय बोलतंय ते कळत नाही. लोक पुटपुटतात असं वाटतं का हो तुम्हाला?"

"हल्लीचे पुटपुटतातच," मी म्हणालो.

मग म्हणालो, "हो. वाटतं."

"गेलेलं परत येत नाही. उरलेलं सांभाळता येतं. एक विचारू? बोळे घालत होतात का?"

मी श्रवण-संरक्षण अधिकारी. मी फळ्यावर कान काढला होता. "नाही," म्हणालो.

मिस्त्रीचा कागद माझ्यापेक्षा बरा निघाला, हे इथेच लिहून टाकतो.

२७ मार्च, गुरुवार

चीफच्या टेबलावर कागद ठेवला आणि घटनांची नोंदवही मागितली. तो म्हणाला, "सर, कुणी तक्रार केलेली नाही. डॉक्टर तर अवाक्षर बोलल्या नाहीत." मी म्हटलं, "म्हणून तर मला लिहायला हवं." एकोणीस तारखेला काय झालं, चूक कुणाची, सगळं लिहून सही केली. कानांचा निकाल लागेपर्यंत माझं उड्डाण बंद, हेही मीच लिहिलं. अक्षर चांगलं आलं.

मग वर्गात गेलो. म्हटलं, "आज फळ्यावर काही काढणार नाही," आणि माझा कागद सगळ्यांत फिरवला. विहिरीत पडलेली रेघ. कुणी हसलं नाही. शेवटी मागच्या बाकावरून डॉक्टरांनी विचारलं, आणि अगदी सावकाश, ओठ स्पष्ट हलवत विचारलं, "सर, आता तरी घालून बघणार का?"

मी तिथेच बसून दोन्ही बोळे घातले. पहिल्या फटक्यात बसले.

मग मात्र सगळे हसले. हसताना दिसले.

हिला सगळं सांगितलं. कोपराचंही. म्हणाली, "म्हणून तर तुमचे कान तपासायचा शब्द चीफकडून मी घेतला होता." ही माझ्या डाव्या बाजूला बसली होती, ती उठून उजव्या बाजूला बसली. "हा जरा बरा आहे तुमचा," म्हणाली. "चार वर्षं झाली, मी इकडूनच बोलते."

मी कधी बघितलंच नव्हतं, ही कुठे बसते.

१२ एप्रिल, शनिवार

कानातली मशीनं मिळाली. शेंगदाण्याएवढी, कानामागे बसतात. बाईंनी चालू केली आणि पहिला आवाज आला तो माझ्याच पँटचा. चालताना मांड्या एकमेकींना घासल्या की पँट इतकी बोलते हे मला ठाऊक नव्हतं. पेपर उलटला तर पत्रे वाजल्यासारखं. घरातला फ्रिज कण्हतो, नळ गळतो, घड्याळ टिकटिकतं. एवढ्या गर्दीत हे लोक राहतात कसे?

शाळेत गेलो. जिन्यात पुढे दोन विद्यार्थी. एक दुसऱ्याला हळूच म्हणाला, "काय-काय सर आले बघ."

मी थांबलो. "काय?" म्हणालो.

आणि कळलं, हे नाव कुठून आलं.

घरी आल्यावर ही भाजी निवडत बसली होती. मी समोर बसलो. ही नेहमीसारखी मोठ्यानं बोलायला लागली. मी हात वर केला, "हळू." हिनं आवाज उतरवला. मी पुन्हा म्हटलं, "अजून." ही अजून खाली आली. मग तिनं विचारलं, "एवढं येतं ऐकू?"

मी मान हलवली.  हा आवाज माझ्या ओळखीचा होता. लग्न ठरल्यावर फोनवर यायचा तो. ही कधीच चिडकी झाली नव्हती. हिला फक्त ओरडावं लागत होतं. इतकी वर्षं, साध्यासाध्या गोष्टींसाठी, रोज.

"असे काय बघताय?" ही म्हणाली. "भाजी निवडा."

६ मे, मंगळवार

वैमानिकांचे परवाने तपासणाऱ्या सरकारी डॉक्टर मंडळींनी ठरवलं होतं की कागदावरच्या रेघेवर जायचं नाही, हवेत परीक्षा घ्यायची. उडताना कानातली मशीनं काढायची आणि नवा हेडसेट लावायचा. तो गोंगाट गिळतो आणि बोलणं तेवढं आत सोडतो. खाली बोळेही घालायचे. शेजारी परीक्षक बसणार, बोलणार, मी उत्तर द्यायचं. एक जरी हुकूम चुकीचा ऐकला, तरी परवाना गेला.

परीक्षक आले. उंच माणूस, आणि मिशा अशा की ओठ नावाला दिसत नाहीत. मी इतकी वर्षं ओठ वाचत होतो, हे मला त्या मिशांमुळे कळलं. आता काही आधार नव्हता.

उड्डाण झालं. ते बोलत गेले. दिशा, उंची, वेग. मी एकेक परत म्हणून दाखवत गेलो. डॉक्टर म्हणाल्या होत्या ते खरं होतं: इंजिन कमी झालं होतं, माणूस उरला होता. चाळीस मिनिटं एकही अक्षर चुकलं नाही. परतीला लागलो. धावपट्टी समोर दिसायला लागली. मनात म्हटलं, झालं.

आणि तेव्हाच हेडसेटमध्ये काहीतरी आलं. लांबट, मऊ, शेवटी तुटलेलं. शब्द होता की वाक्य, काही कळेना. त्यांच्याकडे बघितलं. मिशा नुसत्या हलून थांबल्या.

आता काय? एवढ्या उशिरा ते काय सांगणार, हे मला ठाऊक होतं. चाकं तपासा, म्हणाले असणार. दुसरं काय म्हणतील? "तपासली" म्हणून टाकावं आणि उतरावं. एकतीस वर्षांचा अनुभव तेच सांगत होता. पण त्याच अनुभवानं एकोणीस मार्चला मला त्या पांढऱ्या विमानाखाली घातलं असतं.

मी म्हणालो, "ऐकू आलं, पण समजलं नाही. पुन्हा सांगा."

त्यांनी वळून माझ्याकडे बघितलं.  गेला परवाना.

"पुन्हा सांगा," मी दुसऱ्यांदा म्हणालो. "कळल्याशिवाय मी उतरणार नाही. हवं तर एक फेरी जास्त मारतो."

"काय पुन्हा सांगू?" परीक्षक म्हणाले. "मी जांभई दिली."

उतरलो. विमान जागेवर लावलं. ते मांडीवर कागद घेऊन बराच वेळ लिहीत राहिले. डॉक्टर, चीफ, मिस्त्री, सगळे हँगरच्या दारात ओळीनं उभे. परीक्षकांनी कागद माझ्या हातात दिला, खाली उतरले आणि चीफला म्हणाले, "द्या यांना विद्यार्थी. हा माणूस जांभईसुद्धा परत मागतो."

हे मला दहा पावलांवरून, पाठमोऱ्या माणसाकडून ऐकू आलं. तोवर मी मशीनं कानात घातली होती.